सिस्टर लुसींची बदली

मिशनच्या जीपवर मी सव्वीस वर्षं ड्रायव्हर होतो. शाळा चौथीपर्यंतच झाली, पण रोज दोन ओळी वहीत लिहायची सवय लागली. ननांच्या घरात हसण्यासारखं काय घडणार, असं लोकांना वाटतं. माझ्या अकरा वह्या भरल्या.

चिकलठाण्याच्या पुढं एका खेड्यात सिस्टरांचा दवाखाना होता. तिथली सिस्टर गावात रुळली की शहरात सिस्टरांच्या प्रमुख मदरकडं वरून तिच्या बदलीचं पत्र यायचं. सिस्टरनं कारण विचारायचं नाही. पेटी उचलायची आणि निघायचं. गावची दाई खातूनबी म्हणायची, "मुर्गी अंडे देने लगी कि बेच देते तुम लोगाँ."

बायकांना सगळ्यात जास्त भरवसा केरळच्या सिस्टर लुसींचा. त्याही अशाच जातील, ही धास्ती कायम.

*

सिस्टरांनी स्वतःचं म्हणून काही ठेवायचं नाही, असा त्यांचा नियम. अडलेल्या गंगूबाईची सुटका केली म्हणून तिनं सिस्टर लुसींना लुगडं दिलं. ते मदरकडं जमा झालं. मग कोंबडी दिली, तीही जमा.

तिसऱ्यांदा गंगूबाई भाकरी आणि ठेचा घेऊन आली आणि समोर उभी राहिली. "इथंच खा. तुझं तोंड हाललेलं बघितल्याबिगर मी जात नाय."

*

वर्षातून आठ दिवस सिस्टर लुसी प्रार्थनेसाठी मौन पाळायच्या. पहिल्या वर्षी गावाला हे ठाऊक नव्हतं. वाचाच गेली म्हणून खातूनबीनं तावीज आणला, गंगूबाईनं मारुतीचा अंगारा.

नवव्या दिवशी सिस्टर बोलल्या आणि दवाखान्यासमोर गुण कशाचा यावर भांडण लागलं. सिस्टर मला हळूच म्हणाल्या, "दोघींना सांगा, तुमच्यामुळंच. पुढच्या वर्षी दोन्ही पुन्हा लागतील."

*

शेवटी ते पत्र आलंच. चार दिवसांत निघायचं होतं.

"नाय म्हन की त्यांला," गंगूबाई म्हणाली.

"आज्ञा पाळायची, अशी मी देवासमोर शपथ घेतली आहे," सिस्टर पेटी भरत म्हणाल्या.

"तुमने ली," खातूनबी म्हणाली. "हमने थोडी ली?"

दुसऱ्या दिवशी तिनं माझ्या जीपमध्ये सात गरोदर बाया कोंबल्या आणि मदरच्या व्हरांड्यात नेऊन बसवल्या. "इनकी जचगी लुसी सिस्टर के हाथ से होना. नै तो ये यहींच बैठतियाँ."

मदरनं वरिष्ठांना कळवलं. उत्तर आलं : दवाखान्याच्या रजिस्टरमध्ये नाव असलेल्या सगळ्या बाया बाळंत झाल्या की सिस्टरना पाठवा.

मदर दर महिन्याला रजिस्टर बघायला येऊ लागल्या. एक नाव कमी झालं की खातूनबी दोन नव्या गरोदर बायांना आणून नाव लिहायला उभं करायची. असं दीड वर्ष चाललं. सिस्टर लुसींची पेटी भरलेलीच.

एका महिन्यात यादी दुसऱ्या पानावर गेली. मदरनं चष्मा काढला. "खातूनबी, ही यादी संपणार तरी कधी?"

"मेरे कू क्या पूछते, मदर? इनके मर्दां कू पूछो."