विक्रीकराच्या कव्हरातली पृथ्वी

दिल्ली गेटच्या रविवारच्या पुस्तकबाजारात जावं लागलं ते माझ्या चुकीमुळे. मी फरीदाबादला मावशीकडे राहते आणि सॉफ्टवेअर तपासण्याची नोकरी करते. आदल्या आठवड्यात मावशीच्या यजमानांचं, म्हणजे काकांचं कपाट आवरलं. काकांना जाऊन वर्ष झालं. ते प्रत्येक पुस्तकाला ब्राऊन पेपरचं कव्हर घालून वर नाव लिहायचे. ‘विक्रीकर नियम’ असे पाच खंड दिसले. आता जीएसटी आहे, म्हणून ते मी रद्दीत दिले. निर्णय तर्कशुद्ध होता.

संध्याकाळी मावशीने खुलासा केला. काका कागद वाया घालवत नसत. कचेरीचं पुस्तक परत केलं की त्याचं कव्हर घरच्या पुस्तकाला चढायचं. मी दिलेले पाचही ग्रंथ खगोलशास्त्राचे होते, ज्यांनी माणसाची आकाशाबद्दलची समजूत बदलली असे. त्यातल्या एकात, सूर्याला मध्यभागी बसवणाऱ्या ग्रंथाच्या इंग्रजी भाषांतरात, काकांची पेन्सिलीतली टिपणं होती. मावशीला निदान तेवढं परत हवं होतं. ती रागावली नाही. तीन दिवस कारल्याची भाजी केली.

रद्दीवाला म्हणाला, पुस्तकं रविवारच्या बाजारात जातात. जाणाऱ्यांसाठी: मेट्रोची व्हायोलेट लाइन फरीदाबादहून थेट दिल्ली गेटला जाते, गाडी बदलावी लागत नाही. दहाच्या आत पोचा. मजबूत पिशवी न्या, कारण पुस्तकं किलोने मिळतात आणि माणूस वाहवतो. बाहेरचे छोले-कुलचे चांगले आहेत, पण हात धुवायला पाणी नाही. पुस्तकं बघून झाल्यावर खा.

मावशीही बरोबर आली. तासाभराने रद्दीवाल्याने सांगितलेला दुकानदार सापडला. त्याने कव्हरं मळकी म्हणून फाडून टाकली होती. मावशी हबकली. तिने ती पुस्तकं कव्हराशिवाय कधी पाहिलीच नव्हती. मी खगोलशास्त्र कुठे आहे ते विचारलं. त्याने ज्योतिषाच्या ढिगाकडे हात केला. “तारे-सितारे सब उधर.”

तिथे सफारी सूट घातलेले एक गृहस्थ पुस्तक उघडून उभे होते. पानावर एकात एक वर्तुळं, मध्ये सूर्य, समासात पेन्सिल. मावशीने अक्षर ओळखलं आणि माझं मनगट धरलं.

गृहस्थांना मुलीची पत्रिका जुळवायची होती. हे पुस्तक तुमच्या कामाचं नाही, असं मी सांगितल्यावर त्यांनी ते आणखी घट्ट धरलं. मग मावशी पुढे झाली.

“भाईसाहब, इसमें सूरज बीच में बैठा है.”

“तो धरती?”

“तीसरे घेरे में,” मी म्हणाले. “घूम रही है.”

“अभी भी?”

“लगातार.”

त्यांनी चित्राकडे पाहिलं, मग पायाखाली पाहिलं. “मैडम, मुझे बेटी की शादी करनी है, धरती नहीं हिलानी.” पुस्तक त्यांनी ढिगावर ठेवलं. मावशीने ते ठेवल्या क्षणी उचललं. दुकानदाराने वजन करायला मागितलं तर तिने ते हातात धरूनच काट्यावर टेकवलं, त्यामुळे आम्ही मावशीच्या हाताचेही पैसे दिले. बाकीचे चार ग्रंथ दुपारपर्यंत शोधले, मिळाले नाहीत. ती चूक माझ्या नावावर राहील.

घरी आल्यावर मावशीने वर्तुळांचं पान काढलं आणि समासातलं मला मोठ्याने वाचायला लावलं. काकांनी लिहिलं होतं: ‘शंका. पृथ्वी इतक्या वेगाने फिरते, तर आपल्याला चक्कर का येत नाही?’

मी पेन्सिल घेऊन वेग आणि त्वरण यांतला फरक समजावू लागले. मावशीने ऐकून घेतलं.

“त्यांना कशी येईल? ते बसून असायचे.”

तिने माझ्याकडून पेन्सिल घेतली, चष्मा चढवला आणि काकांच्या ओळीखाली लिहिलं: ‘मला येते.’

मग पुस्तक माझ्याकडे सरकवलं. “पुढची शंका वाच.”