मांडवातले एक रुपयावाले चोर

बसा. आणि चहा हातात धरून ठेवू नका, पिऊन टाका, कारण हे सांगताना मी मध्येच चिडतो आणि मग कोणाचं ऐकत नाही. सुमनच्या पोरीच्या लग्नात मी जो तमाशा केला, तो फिरत फिरत तुमच्यापर्यंत आलाच असेल. लोकांनी त्याला मीठमसाला लावलाय, असं मी बाहेर सांगतो. तुम्ही घरचे म्हणून सांगतो, त्यांनी उलट थोडं कमीच सांगितलंय!

दवनीवाड्यात माझं ऑनलाइन सेंटर आहे, हे तुम्हाला माहीत आहे. आधार, पॅन, सातबारा, झेरॉक्स, सगळं करतो. पण माझं खरं नाव झालं ते अडकलेले पैसे मोकळे करून देण्यात. कोणाचं पेमेंट अ‍ॅप बंद पडलं की तो सरळ माझ्या दुकानात. “भाऊ, पैसा दिसून राहिला, पन निघून नाही राहिला!” मग मी चष्मा वर सरकवणार आणि डॉक्टरसारखं विचारणार, “केवायसी झालं का? आधारवरचं नाव अन् बँकेतलं नाव एकच आहे का? सिम तर नाही बदललं?” यातलं काहीतरी निघतंच. ते दुरुस्त केलं की पैसे सुटतात.

आणि जाताना प्रत्येकाला माझं भाषण फुकट. “अनोळखी मानसाचा एक रुपया आला, की समजाचं चोर आला! आधी रुपया टाकून पायतात, खातं चालू आहे का. मंग पुरं साफ करतात. लगेच अ‍ॅपमंदी तक्रार टाकाची, समजलं?” हे भाषण मी इतक्या वेळा दिलंय की माझी बायको भाजी चिरता चिरता ते तोंडपाठ म्हणून दाखवते, वर माझा आवाज काढून.

तर सुमन ही माझी धाकटी बहीण, सडक अर्जुनीच्या बाजूला दिलेली. जवाईबुवा, म्हणजे तिचा नवरा, ट्रक चालवतात, ते रायपूरहून उतरले लग्नाच्या आदल्या दिवशी. म्हणजे सगळी धावपळ कोणाची? मामाची! सुमनने आचाऱ्याचे पैसे वर्षभर बाजूला टाकून जमवले होते. ते तिने माझ्या हातात दिले. “भाऊ, पंगत बसाच्या आधी आचाऱ्याले देजो. तो लय कडक आहे, पैसा घेतल्याबिगर झाकन नाही उघडत.”

आता सरळ नोटा खिशात ठेवायच्या की नाही? पण मी कोण? मी ऑनलाइनवाला! “नोटा घेऊन कायले फिरू व?” म्हणालो आणि ते सगळे पैसे अ‍ॅपच्या वॉलेटमध्ये टाकून दिले. कॅशबॅक मिळणार होता म्हणून. मिळालाही. त्यात दोन समोसे आले असते.

इथंच थांबलो असतो, तरी आज इज्जत शिल्लक असती. पण आहेराच्या टेबलावर मी माझ्या अ‍ॅपचा क्यूआर कोड लावला. लॅमिनेट केलेला, मोठा, लांबून दिसेल असा. सुमन म्हणाली, “अरे भाऊ, लोक पाकीट आनतात. याच्यात कोन टाकेल?”

“तू पाय फक्त! आज पाकिटाले कोनी हात नाही लावत!”

दुपारचं लग्न. मी फेटा बांधून, मामा म्हणून नवरीच्या मागे छाती काढून उभा. अक्षता पडल्या, बँड वाजला, आणि खिशात फोन थरथरला. आला! पहिला आहेर आला! मी हळूच पाहिलं.

एक रुपया.

म्हटलं असेल, कोणी आधी तपासून पाहत असेल. मागून मोठी रक्कम येईल. परत थरथरला. एक रुपया. परत. एक रुपया! आणि नावं पाहावी तर एकही ओळखीचं नाही. तुलाराम फागूजी. देवकाबाई दसाराम. झनकलाल केशोराव. कोण आहेत हे लोक? माझा तर घामच फुटला.

तुम्ही म्हणाल, अरे शहाण्या, लग्नात कोड लावला आहेस, पाहुणेच असतील ना! अहो, पण एक रुपया आहेर कोण देतो? तुम्ही तरी कधी कोणाला एक रुपया आहेर देऊन जेवून जाताना पाहिलं आहे का? मला एकच दिसत होतं. सुमनचे पैसे त्या खात्यात, आणि चोरांची अख्खी टोळी दार ठोकते आहे.

मी फोटोवाल्याला बाजूला सारलं, मांडवाच्या खांबाआड गेलो आणि एकेका रुपयावर बोट ठेवून तक्रार टाकली. ‘मी या व्यक्तीला ओळखत नाही.’ ‘मी या व्यक्तीला ओळखत नाही.’ इतका जोर लावला की बोट दुखलं. शेवटची तक्रार गेली तेव्हा काय समाधान वाटलं म्हणून सांगू! बहिणीचा पैसा वाचवला होता मी.

तेवढ्यात आचारी आला. गोंदियाचा माणूस, अर्धी हिंदी, अर्धी मराठी, आणि पुरता कडक. “भाऊसाब, हिसाब कर देव. वराती बसून राहिले.”

“हे घे, आता पाठवतो,” म्हणून मी रक्कम टाकली, पिन टाकला, आणि फोनवर लाल पट्टी आली. ‘सुरक्षेच्या कारणास्तव आपल्या खात्यातून पैसे पाठवणे व काढणे तात्पुरते थांबवले आहे.’

“घुसले!” मी ओरडलो.

“कोन?” आचारी म्हणाला.

“चोर! खात्यात घुसले!”

“घुसू दे. मेरा पैसा देव. मले सांजच्याले तिरोड्यात दुसरा प्रोग्राम आहे.” असं म्हणून त्याने भाताच्या गंजावरचं झाकण नीट दाबून बसवलं आणि हाताची घडी घालून समोर उभा राहिला.

आता खातं परत चालू करायचं माझ्यापेक्षा कोणाला जास्त माहीत? मी लगेच चेहऱ्याची पडताळणी लावली. ‘चेहरा जुळला नाही.’ बरोबर आहे, फेटा होता. फेटा काढला. ‘पुरेसा उजेड नाही.’ मांडवाबाहेर उन्हात गेलो. ‘डोळे मिचकवा.’ मिचकवले. ‘पुन्हा मिचकवा.’ मिचकवले. ‘मान डावीकडे वळवा. हसा.’ हसलो. फोन समोर धरून मी उन्हात डोळे मिचकावतोय, हसतोय, मान वेळावतोय. आणि फोनच्या मागे, मला काय माहीत, नवरदेवाकडच्या बाया रांगेत पाणी पीत उभ्या!

“अवं माय! हा नवरीचा मामा कोनाले डोळा मारून राहिला?”

“बाई, तसं नाही!” मी फोन दाखवत म्हणालो. “चेहरा जुळवून राहिलो!”

“घरवालीसंगं जुळव ना मंग!”

ती बाई तरातरा आत गेली. ‘पडताळणी अयशस्वी,’ अ‍ॅप म्हणालं. ग्राहक सेवेला फोन लावला तर तिकडे नुसती पिपाणी वाजते आहे आणि मध्येच एक गोड आवाज सांगतो, तुमचा कॉल आमच्यासाठी फार महत्त्वाचा आहे. महत्त्वाचा आहे तर उचला ना रे बाबा! पोळ्या गार होत आहेत, वराती घड्याळं पाहत आहेत, नवरदेवाचा बाप दोनदा येऊन विचारून गेला की जेवणाला वेळ आहे का. सुमन लांबूनच हाताने विचारत होती, दिले का?

माझं डोकं फिरलं. आहेराची नावं पुकारायला मांडवात माईक होता. मी तो हिसकावला.

“ऐका सगळे! मांडवात चोर आहेत!”

बँडमधला एकटा बिचारा तुतारी वाजवत होता, तोही थांबला.

“एक-एक रुपया टाकून माह्या खात्यात घुसले आहेत! पन नाव लपत नाही मोबाइलमंदी! आता एकेकाचं नाव वाचून राहिलो. इज्जत असन तर पुढं या! तुलाराम फागूजी!”

मागच्या खुर्चीवरून एक हात वर झाला. आमचे टेलरकाका! लहानपणापासून माझ्या चड्ड्या शिवल्या त्यांनी. त्यांना टेलरकाकांशिवाय दुसरं नाव असेल, हे मला आयुष्यात सुचलं नव्हतं.

“हव, मीच. काऊन?”

आता तरी थांबावं की नाही माणसाने? पण माईक हातात असला की माझं तोंड माझ्या ताब्यात नसतं. “देवकाबाई दसाराम!”

“मले चोर म्हनतं का रे मेल्या?” ही माझ्या बायकोची मावशी. ती नागरा गावची, म्हणून आम्ही तिला कायम नागऱ्याची मावशी म्हणतो. ती चप्पल शोधायला लागली. आणि तेवढ्यात तिसरं नाव माझ्या तोंडातून निघूनही गेलं होतं.

“झनकलाल केशोराव!”

पहिल्या रांगेत, गादीवर, हार घालून बसवलेले एक म्हातारबुवा काठी टेकत उठले. पांढरं धोतर, पांढरा पटका. नवरदेवाचे सख्खे आजोबा.

“मी झनकलाल,” ते म्हणाले. “का चोरलो गा मी तुमचं?”

मी माईक खाली केला.

“आबाजी, ते... एक रुपया...”

“शंभराची नोट पाकिटात टाकलो. लग्नात कोनी निस्ते शंभर देते का? वरचा रुपया पाहिजे का नाही? चिल्लर कोनापाशी सापडत नाही, दुकानदार चॉकलेट देते. इथं बोर्ड दिसला, तं सूनबाईले म्हटलो, माह्या मोबाइलवरून वरचा रुपया इथं टाकून दे. शगुन पुरा झाला. यात चोरी कोनती होय?”

“आमी बी तसंच केलो!” टेलरकाका म्हणाले. “आमी बी!” “आमी बी!” चहूकडून आवाज. कोणीतरी पहिल्याने केलं आणि रांगेतल्या सगळ्यांनी पाहून पाहून तेच केलं होतं. शंभराचे एकशे एक सगळ्यांनी केले होते. फक्त शंभर पाकिटांच्या डब्यात आणि एक माझ्या खात्यात.

म्हातारबुवांनी काठी उचलली. “चला गा, बस काढा. चोराइले जेवाले कोन घालते?”

वराती खरंच उठायला लागले हो! पोरीचं लग्न लागून तास झाला नव्हता आणि व्याही उपाशी चालले होते, माझ्यामुळे. मला भरल्या मांडवात रडू आलं, लाजही वाटली नाही.

सुमन मात्र उठली. पाकिटांचा स्टीलचा डबा तिने उचलला. आहेराची पाकिटं घरी गेल्यावर, निवांत उघडायची असतात, पण तिने सगळ्यांच्या देखत फाडायला सुरुवात केली. नोटा काढल्या, आचाऱ्याच्या हातात कोंबल्या, “उघड झाकन!” म्हणाली, आणि जाऊन म्हातारबुवांचा हात धरला.

“आबाजी, माहा भाऊ गावाले शिकवते अन् सोता घाबरते. त्याचं मनावर नोका घेऊ. पहिलं पान तुमचं. तुमी नाही बसले तं मी बी आज जेवत नाही.”

म्हातारबुवांनी तिच्याकडे पाहिलं, काठी खाली ठेवली आणि पानावर बसले. त्यांच्या मागोमाग सगळे बसले. मला शिक्षा म्हणून सुमनने वरणाची बादली दिली. “वाढ. अन् तोंड उघडू नोको.”

मी वाकून वाढायला लागलो आणि त्याच क्षणी मघाशी लावून ठेवलेला ग्राहक सेवेचा फोन लागला! एका हातात बादली, एका हातात वगराळं, फोन खिशात स्पीकरवर. अख्खी पंगत ऐकते आहे.

“नमस्कार सर, आपकी शिकायत पर कार्रवाई हो गई है। जिस खाते में इतने लोगों का एक-एक रुपया जमा हो रहा था, वो खाता हमने रोक दिया है।”

“मैडम, वो तो मेरा खाता है!”

“जी? और शिकायत किसने की थी?”

“...मैंने.”

“सर, एक-एक रुपया किस बात का था?”

“शगुन का, मैडम. शादी है.”

“सिर्फ एक रुपया?”

“बाकी सौ लिफाफे में है.”

“आप इन लोगों को पहचानते हैं?”

“हाँ जी, सब रिश्तेदार हैं.”

“तो हर एक के आगे ‘नहीं पहचानता’ क्यों लिखा, सर?”

“नाम से नहीं पहचाना, मैडम. काका-मावशी बोलके पहचानता हूँ.”

“कोई बात नहीं,” ती म्हणाली. “हर नाम के आगे लिखिए कि पहचानते हैं, चेहरे की जाँच बिना पगड़ी के, छाँव में कीजिए, आधार भेजिए। कल तक खुल जाएगा। तो सर, आप अपने ही खिलाफ दी हुई शिकायत वापस ले रहे हैं?”

“ले रहा हूँ.”

फोन कटला. माझ्यासमोर म्हातारबुवांचं पान होतं. त्यांनी घास हातातच धरला होता.

“का म्हनते गा ते बाई?”

“चोर सापडला म्हनते, आबाजी.”

“कोन होय?”

“मीच होय.”

म्हातारबुवांनी मान डोलवली, भातात आळं केलं आणि पान पुढे सरकवलं.

“बरं झालं, सापडला. आता वरन वाढ.”