उलटा रोवणा

"तुम्हीच सांगा भाऊ, धानाचा रोवणा लावताना बाई मागं मागं सरकते का नाही? कॅमेरा समोर ठेवला तं शालू दूरदूरच जाऊन राहिली. मले जवळ याले पाहिजे होती. म्हणून म्या विडिओच उलटा फिरवला."

"अन् मंग?"

"मंग काय, चिखलातला धान निघून तिच्या हातात याले लागला."

सानगडीचा जागेश्वर हे सांगताना स्वतःच हसतो. अठरा वर्षं झाली, लग्नाच्या शूटिंगा करतो. बायको शालू जन्माची बहिरी, शाळा पाहिलेली नाही. घरी टीव्हीवर लग्नाचा विडिओ लागला की ती पडदा सोडून बाकीच्यांची तोंडं पाहते. ते हसले की हसते, रडले की डोळे पुसते. जागेश्वरला हे सलायचं. आवाज नाही, अक्षर नाही, तरी कोणाच्या तोंडाकडं न पाहता शालूला पुरं कळलं पाहिजे, असं काही बनवायचा त्याचा हट्ट. विषय तिचाच घेतला : एका बांधीचा, म्हणजे धानाच्या एका खाचराचा, रोवणा, सकाळपासून सांजेपर्यंत.

तो उलटा विडिओ पाहून शालूनं मूठ वर ओढली, उपटल्याची खूण केली अन् कपाळावर हात मारला. शेजारची मंदाबाई म्हणाली, "काहून रे जागेश्वर, तुही बायको रोवून राहिली का उपटून?"

"तोंड पाहाच्या नादात हात पाहाले इसरलो," जागेश्वर म्हणतो.

दुसऱ्या बांधीत त्यानं कॅमेरा तिच्या पाठीमागं, धुऱ्याच्या बांधावर, पाण्याच्या वीतभर वर बसवला अन् दिवसभर हलवला नाही. तासातासाला थोडं थोडं टिपलं. तोंड कुठंच नाही, नुसती वाकलेली पाठ. आभाळ धरून बसलेलं पाणी आक्रसत जातं, पलीकडून हिरवं सरकत येतं, अन् ती पाठ वाढत वाढत पडदा भरून टाकते. मग सरळ होते. बस, एवढंच.

आज सकाळी त्यानं तो लावला तेव्हा मी तिथंच होतो. पाच मिनिटांच्या त्या विडिओत शालूनं आमच्याकडं एकदाही मान वळवली नाही. तिचा हात आपसूक कमरेवर गेला. पडद्यावरची पाठ सरळ झाली, तशी बसल्या जागी हिचीही झाली, अन् तोंडातून लांब श्वास सुटला. उभ्या जन्मात दंडारी पाहिल्या, नाटकं पाहिली. एका शब्दावाचून एवढं आत पोचताना पाहिलं नव्हतं.

शालू उठली. लुगडं खोचून तिनं बाहेर बोट दाखवलं.

"चाला भाऊ, तिसरी बांधी बाकी हाये," जागेश्वरनं टीव्ही बंद केला, पॅन्ट गुडघ्यावर गुंडाळली अन् पऱ्ह्यांच्या, धानाच्या रोपांच्या, जुड्या डोक्यावर घेऊन तिच्या मागं निघाला.