बाबांच्या शिंकेचा उजेड

आमच्या पंचवटीत त्याला 'आभाळ ऐकतंय' असं म्हणायचे. मी कॉलेजात असताना, नव्वदच्या दशकात, ते पहिल्यांदा झालं आणि पुढे बरीच वर्षं थंडीतल्या काही संध्याकाळी होत राहिलं. सूर्य बुडाला की गोदावरीवर उंच पातळ धुकं धरायचं, आणि खाली जो मोठा आवाज होईल त्याचा उजेड बरोब्बर त्याच जागेच्या वर उमटायचा. साधं बोलणं दिसत नसे, पण ओरडणं दिसे. देवळातली घंटा वाजली की पिवळं कडं पसरत जायचं. रिक्षाच्या हॉर्नचा हिरवट ओरखडा उठायचा. कुकरच्या शिट्टीची पांढरी काडी सरळ वर जायची, त्यामुळे कोणाकडे आज स्वयंपाकाला उशीर झालाय हे अख्ख्या गल्लीला कळायचं. दूर एकलहऱ्याकडे वीज केंद्राच्या घरघरीचा मंद पट्टा कायम दिसायचा. बाहेरगावचे शास्त्रज्ञ आले, यंत्रं लावून बसले, मिसळ खाऊन परत गेले. आम्हाला पुढे पुढे त्याचं काही वाटेनासं झालं.

माझे बाबा एकलहऱ्याच्या त्याच वीज केंद्रात नोकरीला होते. माणूस शांत, पण शिंक भयंकर. दिवेलागणीला हवा गार झाली की सुरू व्हायची आणि एकावर थांबायची नाही. आभाळात ती तांब्याच्या रंगाची दिसायची, टोकाला दुभंगलेली. तशी शिंक पंचवटीत दुसऱ्या कोणाची नव्हती. आमच्या खालच्या मजल्यावर यात्रेकरूंची धार्मिक कामं करणारे एक गुरुजी राहायचे. ते अंगणातून वर बघत म्हणायचे, "झाली बरं का काकांची आरती सुरू."

आईला त्या शिंकेचा मनस्वी राग. कारण कोणी घराबाहेर निघालं की बाबा नेमके शिंकायचे, आणि शिंकेवर उंबरा ओलांडायचा नाही हा आईचा कायदा. परत या, टेका, घोटभर पाणी प्या, मग निघा. माझ्या कितीतरी बस त्यात गेल्या. ऑफिसात साहेबांना 'वडील शिंकले' हे कारण सांगायची सोय नव्हती.

निवृत्तीनंतर बाबा विसरायला लागले. चष्मा विसरणं आम्ही हसण्यावारी नेलं. मग ते आईलाच 'बाई' म्हणू लागले. "बाई, जरा पाणी देता का?" आई पाणी द्यायची आणि पदर खोचून पुन्हा कामाला लागायची. चिडचिड मी करायचे. कधी डॉक्टरवर, कधी बाबांवरसुद्धा. मला भीती वाटत होती आणि मला भीती दाखवायची पद्धत माहीत नव्हती.

त्या संध्याकाळी मी ऑफिसातून आले तर दार सताड उघडं. आई मागे दोरीवरचे कपडे काढत होती. बाबांच्या चपला नव्हत्या आणि खुंटीवरची डब्याची पिशवी नव्हती. एरवी माझ्या प्रत्येक निघण्यावर शिंकणारा माणूस स्वतः मात्र गुपचूप निघून गेला होता. आईने खुंटीकडे पाहिलं आणि जिन्यात येऊन खालच्यांना हाका मारल्या.

गल्ली धावली, आमच्याकडे ते सांगावं लागत नाही. कोणी स्कूटर काढली, कोणी रामकुंडाकडे पळालं, कोणी भाजीबाजारात. कुंडाच्या पायऱ्या निसरड्या आणि बाबांना पोहता येत नव्हतं. सगळेजण जिवाच्या आकांताने ओरडत होते, "काका! अहो काका!" मी गच्चीवर जाऊन ओरडत होते. आभाळ ऐकणारं होतं, त्यामुळे पंचवटीवर नुसता रंगांचा काला झाला. हॉर्न, हाका, कुत्री, भाजीवाल्यांचे पुकारे.

आई गच्चीवर आली. तिने वर बघितलं आणि माझा दंड धरून म्हणाली, "ओरडू नकोस. सगळ्यांना गप्प करा. दिवेलागण झालीय, ते शिंकणार. या गोंधळात दिसायचं कसं?"

जिचं त्या शिंकेशी जन्माचं वैर, ती शिंकेची वाट बघत होती.

गुरुजी धोतर सावरत गल्लोगल्ली धावले. आरतीची वेळ झाली होती. देवळात जाऊन त्यांनी काय सांगितलं कोण जाणे, पण पुजाऱ्याने घंटेचा लोळा मुठीत धरला आणि त्या दिवशी आरती नुसती ओवाळली गेली. लोक टाळ्या वाजवायच्या ऐवजी हात जोडून उभे होते. रिक्षास्टँडवर इंजिनं बंद झाली. पेठकडचा एक रिक्षावाला कुजबुजत म्हणाला, "ताई, गिऱ्हाईक जाऊं दे. म्हातारा सापडाया पायजे."

वर एकेक रंग विझत गेला. कधी नव्हे ते पंचवटी गप्प झाली. शेवटी एकलहऱ्याचा तेवढा पट्टा राहिला. मध्येच कोणाच्या तरी कुकरची शिट्टी झाली, पांढरी काडी उठली आणि सगळी गल्ली त्या खिडकीकडे खाऊ की गिळू अशी बघू लागली. गॅस ताबडतोब बंद झाला. मी मनात देवाला नाही नाही ते कबूल करत होते. आईने तोंडावर पदर दाबून धरला होता.

आणि उजेड पडला. रामकुंडावर नाही, बाजारावर नाही. पार तपोवनाच्या पलीकडे, तांबूस, टोकाला फाटलेला. लगेच दुसरा. मग तिसरा. गल्ली एवढ्या जोराने ओरडली की आमच्या डोक्यावर दिवस उगवल्यासारखं झालं. बाबा जिवंत होते. नदीत नव्हते, रस्त्यावर होते, आणि त्यांना सर्दी झाली होती. एवढं सुख मला त्याआधी कशानेच झालं नव्हतं.

गुरुजींच्या स्कूटरवर आम्ही दोघं गेलो. बाबा रस्त्याखालच्या एका मोरीच्या कठड्यावर बसले होते, मांडीवर रिकामा डबा. एकलहऱ्याला पायी निघाले होते.

"गाडी आली का शिफ्टची?" त्यांनी विचारलं.

"आज सुट्टी आहे बाबा."

"मग आधी सांगायचं नाही का?" ते वैतागून म्हणाले, आणि मुकाट्याने आमच्या दोघांच्या मध्ये बसले. मी त्यांच्या स्वेटरला घट्ट धरलं होतं. रस्त्यात मला हसू येत होतं आणि डोळे वाहत होते.

घरी आई दारातच उभी होती, पदर अजून तोंडावर. बाबा तिच्यासमोर थांबले.

"बाई," ते म्हणाले, "तुमचं कोणी हरवलंय का?"

आईने पदर सोडला आणि ती मोठमोठ्याने रडली. आमच्या छपरावर निळा उजेड उठला आणि गल्लीभर पसरला. तो रंग मी कधीच पाहिला नव्हता. बाबांना विसर पडू लागल्यापासून आई एकदाही रडली नव्हती, हे मला तेव्हा कळलं. बाबांनी चपला काढल्या, तिचा हात धरला आणि म्हणाले, "सापडेल हो. रडू नका, मी आहे ना."

आई मान हलवत म्हणाली, "सापडलं."