दमणला दोघंच

‘रोमँटिक सिटी ब्रेक’ हे खूळ आमच्या घरात आणलं नणंदेच्या मुलीनं. ती कॉलेजात जाते, गुजरातीत हसते, हिंदीत भांडते आणि मराठी फक्त आमच्याशी बोलते, तेही उपकार केल्यासारखं. तिनं मोबाइलवर एक पान उघडून माझ्या नाकासमोर धरलं. दोन दिवसांत पाहा: जुना किल्ला, दीपगृह, समुद्र, सूर्यास्त. वर एक जोडपं, पांढऱ्याशुभ्र कपड्यांत, वाळूत बसलेलं. असल्या कपड्यांत वाळूत बसणाऱ्या बाईला ते कपडे स्वतः धुवावे लागत नाहीत, एवढं मला फोटोवरून कळलं.

“मामी, तुम्ही दोघंच जावा ना. मजा आवशे.”

मजेचं मला काही पडलं नव्हतं. मला एकच गोष्ट हवी होती: दिवसाउजेडी जागा असलेला नवरा. तो सुरतेजवळ पलसाण्याच्या एका डाइंग मिलमध्ये, कापड रंगवायच्या कामावर, कायमचा रात्रपाळीला. मी इच्छापोरला एका कारखान्यात दिवसपाळीला. संध्याकाळी कंपनीची बस मला बमरोलीच्या नाक्यावर सोडते, मी घरी पोचून डबा करते, तो उठतो आणि निघतो. त्याची सुट्टी सोमवारी, माझी रविवारी. पोरगी सासरी गेल्यापासून घरात आम्ही दोघंच, पण एका वेळी एकच जागं. आपण नवऱ्याशी निवांत शेवटचं कधी बोललो हे एकदा आठवून पाहिलं, आठवेना, आणि मी घाबरले. बोलण्यासारखं काही उरलंच नसलं तर? ते मला जाऊन बघायचं होतं. म्हणून मी त्या पांढऱ्या कपड्यांच्या पानाला हो म्हटलं.

पानावर उदयपूरही होतं, तलाव आणि महालांसकट. पण मला रविवार, त्याला सोमवार, आणि दोघांनी एकेक रजा टाकायची, एवढ्यात बसणारं गाव दमणच. इथेच आम्ही फसलो. गुजरातेत दारूबंदी आणि दमणला नाही, त्यामुळे सुरतेत दमण म्हटलं की किल्ला कुणाच्याही डोक्यात येत नाही. माझा नवरा सुपारीचं खांडसुद्धा तोंडात टाकत नाही, पण मिलमध्ये त्याला माणसं डोळे मिचकावून ब्रँड सांगू लागली. समोरची शेजारीण परभणीकडची, तिनं तर माझ्याकडे दयेनं पाहिलं. “ते प्यायला चालले, तर तुला कशाला नेऊ लागले गं?” दीपगृह बघायला, असं मी सांगितलं. ती इतकी हसली की तिला खाली बसावं लागलं. या बाईचा नवरा तिला भाजीबाजारापलीकडे कधी घेऊन गेलेला नाही.

मग आले जेठ, नवऱ्याचे मोठे भाऊ. त्यांच्याकडे स्वतःची मोटार आहे, आणि ती आहे हे कुणी पाच मिनिटं विसरलं तर ते आठवण करून देतात. “मनी गाडी शे ना! रेल्वेमा कसाले जातस?” सोबत त्यांचे दोन मित्र येणार होते. मला पुढच्या सीटवर बसवायचं ठरलं होतं. साडीतली बाई पुढे दिसली की परतताना नाक्यावर पोलीस डिकी उघडत नाहीत, हे त्यांचं शास्त्र. म्हणजे मी सहलीला चालले नव्हते, मी बाटल्यांवरचं झाकण होते. आणि माझा नवरा मान डोलवत होता, कारण मोठ्या भावाला नाही म्हणायला तो अजून शिकायचाय.

आमच्याकडे जेठासमोर डोक्यावर पदर घ्यायचा आणि त्यांच्याशी थेट बोलायचं नाही. नवऱ्याला सांगायचं, ते जेठांनी ऐकायचं. मी पदर घेतला आणि नवऱ्याला म्हणाले, “त्यांना सांगा, बाटल्या झाकायला स्वतःची बायको न्या म्हणावं.” नवऱ्यानं निरोप पुढे दिला नाही. गरजही नव्हती, जेठ हातभर अंतरावर बसले होते. ते चहा न घेता उठले. इतकी वर्षं मुकाट पाळलेली ती रीत पहिल्यांदाच माझ्या कामी आली.

रविवारी सकाळी तो पाळीवरून थेट उधना स्टेशनवर आला. गाडी हलायच्या आत तो झोपला. वापीला उतरायचं म्हणून मी हलवून उठवलं, रिक्षात पुन्हा झोपला, लॉजच्या खोलीत बुटांसकट झोपला. थकलाय, असं मी स्वतःला समजावलं आणि एकटी समुद्र बघून आले. समुद्र ओहोटीला दूर गेला होता, पुढ्यात नुसता काळा चिखल, आणि त्या चिखलाला पाठ करून लोक स्वतःचे फोटो काढत होते. रात्री जेवल्यावर तो टक्क जागा झाला. तेव्हा मी मेल्यासारखी झोपले. पहाटे उठले तर तो खुर्चीत बसलेला, डोळे लाल, आणि आता पेंगायला लागलेला. आम्ही रजा टाकली, लॉज ठरवलं, जेठांचं तोंड बंद केलं. झोप आपली पाळी सोडणार नाही, एवढी साधी गोष्ट दोघांपैकी एकाच्याही डोक्यात आली नव्हती.

तरी मी हट्टानं त्याला मोटी दमणच्या किल्ल्यावर नेलं. दुपारी तटाच्या सावलीत तो बसला, मग कलंडला, मग घोरू लागला. शेजारून नव्या नवऱ्या जात होत्या, लाल चुड्याचे हात नवऱ्यांच्या दंडात अडकवून, माझ्याकडे बघत. त्यांच्या मते तो पिऊन पडला होता. बघा, म्हटलं, पोटभर बघा. मला त्यांचा राग आला, त्या पानाचा आला, आणि सगळ्यांत जास्त त्या मिलचा, जिनं माझा नवरा सुट्टीच्या दिवशीही परत दिला नव्हता.

सूर्य पाण्याला टेकला तशी माणसं टाळ्या वाजवायला लागली, जणू तो त्यांच्यासाठीच बुडत होता. त्या आवाजानं नवरा दचकून उठला. समुद्राकडे न बघता त्यानं मला विचारलं, “डबा व्हयना का वं?”

डबा झाला का, रोज संध्याकाळी उठल्यावर तो हेच विचारतो. माझ्या डोळ्यांत पाणी आलं. ते पाहून त्याला आपण कुठे आहोत ते समजलं. त्यानं तोंडावरून हात फिरवला, सरकून माझ्याजवळ बसला आणि कधी नव्हे ते सरळ माझ्याकडे पाहिलं. डोळे अगदी ताजे, ड्युटीवर निघताना असतात तसे.

“बोल ना,” तो म्हणाला. “मी जागा शे.”

मी पहाटेची उठलेली, दिवसभर उन्हात बसलेली. बोलायला म्हणून तोंड उघडलं, आणि जांभई आली.