पासची सभा

मी रग्बी खेळते हे दुर्गजवळच्या चरोद्याच्या आमच्या रेल्वे कॉलनीत सगळ्यांना माहीत होतं. रग्बी म्हणजे काय, हे मात्र कुणालाच नाही. राज्याच्या संघात माझी निवड झाली तेव्हा वडिलांनी पेढे वाटले आणि विचारणाऱ्याला 'त्यात बॉल घेऊन पळतात' एवढंच सांगितलं. मग छातीत गाठ निघाली. कॅन्सर, ऑपरेशन, केमो सगळं झालं. डोक्यावर परत केस आले तेव्हा मी ठरवलं, आता कॉलनीतल्या बायांना तपासणीसाठी घराबाहेर काढायचं.

अडचण घरातच होती. डॉक्टर म्हणाले होते, आईचीही तपासणी करून घ्या. आईचं उत्तर ठरलेलं: "मले काय धाड भरली?" माझा आजार ती शेजारीपाजारी 'मोठं ऑपरेशन' म्हणून सांगायची. 'छाती' हा शब्द काही तिच्या तोंडून निघत नसे. मी ओरडले की ती भांडी घासायला बसायची. मला रागापेक्षा भीतीच जास्त वाटायची.

रविवारी वंदनेनंतर विहाराच्या हॉलमध्ये माझी सभा ठरली. बोलावणं करायला आई घरोघर गेली, पण विषय सांगायची पंचाईत. मी सुरुवातीला चेंडूचा पास शिकवणार, हे तिला ठाऊक होतं. तेवढंच तिने सांगितलं: "रविवारी माही पोरगी पासचं सांगणार हाये, येजा."

रेल्वेवाल्यांच्या घरी पास म्हणजे फुकट प्रवासाचा पास. हॉल गच्च भरला. रिटायर झालेले काका फायली घेऊन पुढे बसले. एकाने विचारलंसुद्धा, "पोरी, लग्न झालेल्या पोरीचं नाव पासात चढते का?" मी आईकडे पाहिलं. आई पंख्याकडे पाहत होती. मला इतकं हसू आलं की मी खालीच बसले.

मग पिशवीतून चेंडू काढला. "काका, आमच्या खेळात पास पुढं देता येत नाही. मागून येते त्यालेच द्या लागते." काकांनी फाईल बाजूला ठेवून चेंडू झेलला, मागच्या मावशीकडे टाकला, ती किंचाळली आणि चेंडू हॉलभर फिरला. त्या हशातच मी सांगून टाकलं: छातीचा कॅन्सर, गाठ, ती वेळेत सापडली म्हणून मी उभी आहे. हसू थांबलं. मावशीने हळूच विचारलं, "पण कुठं लागते हाताले?"

मी तोंड उघडण्याआधी आई उठली. पदराखाली हात नेऊन तिने जागा दाखवली. "इथं. माह्या पोरीले इथं होती." मग मटकन बसली आणि रडली. माझं भाषण तिथेच संपलं. पुढचं कुणी ऐकलंही नसतं.

त्याच आठवड्यात ती माझ्यासोबत दुर्गला आली. तपासणीत काही निघालं नाही. परतीच्या लोकलमध्ये मी खुशीत समोसे घेतले. आईने अर्धा खाल्ला, समोरच्या अनोळखी बाईकडे झुकली आणि अख्ख्या डब्याला ऐकू जाईल असं विचारलं, "दीदी, आपने छाती दिखाई कभी डॉक्टर को?"