देवचाराच्या रानाचा कायदा

देशाची घटना लिहायला पुष्कळ विद्वान लागले म्हणतात. माझ्या बहिणीच्या सासऱ्यांनी एक अख्खा कायदा पडवीत बसून, सुपारी कातरता कातरता, एकट्याने लिहिला. मामलेदार कचेरीतून ते आवक-जावक कारकून म्हणून निवृत्त झाले होते. गावाने त्यांना परस्पर शिरस्तेदार करून टाकलं आणि त्यांनीही त्यावर हरकत नोंदवली नाही. सगळं गाव मालवणीत बोले. हे मात्र घरातसुद्धा कचेरीच्या मराठीत. चहाला उशीर झाला की माझ्या बहिणीला विचारत, “चहाबाबत काय कार्यवाही झाली?” म्हैस आटली तेव्हापासून ती मरेपर्यंत ‘सदर म्हैस’ राहिली. बहीण माहेरी आली की पहिले दोन दिवस तिलाही साधं बोलायला जड जाई.

कसालपासून दोन कोस आत त्यांचं गाव, आणि त्याच गावच्या शाळेत मी मास्तर. गावाच्या टोकाला देवराई होती. कधी कुऱ्हाड न लागलेले ऐन, किंजळ, जांभूळ. तिथे देवचार राहतो, तोच गावाचा राखणदार, अशी सर्वांची गाढ श्रद्धा होती. घाटावरून लाकडाचा ठेकेदार येईपर्यंत ती चांगली टिकली. राई द्या, शाळेची इमारत बांधून देतो, असं तो म्हणाला. शाळा तेव्हा देवळाच्या मंडपात भरे, चार इयत्ता जवळजवळ एकमेकांच्या मांडीवर बसत. त्यामुळे मला देवचारापेक्षा इमारतीची ओढ अधिक होती, हे कबूल करतो. मानकऱ्यांनी देवाला कौल लावला. ठेकेदाराने देवळाला नवी घंटा आधीच कबूल केली होती, तेव्हा कौल उजवा मिळाला. देवाची परवानगी झाली, गावाची झाली. देवचाराला कोणी विचारलं नाही.

त्याच आठवड्यात शिरस्तेदारांनी ‘राखणदार असलेल्या रानांच्या संरक्षणाचा कायदा’ रचला. माझं अक्षर वळणदार, म्हणून त्याच्या तीन प्रती काढायचं काम माझ्यावर आलं. बहिणीच्या सासऱ्यांना नाही म्हणायची सोय नव्हती. माझ्याच शाळेच्या मुळावर येणारा मजकूर मी तीनदा सुवाच्य अक्षरात लिहिला. ‘झाड म्हणजे ज्यावर कोणी राहते ते’ अशी त्यात व्याख्या होती. तोडण्यापूर्वी झाडावरील रहिवाशास लेखी नोटीस द्यावी, आणि उत्तर न आल्यास नकार समजावा, असं पुढे कलम होतं. हे कलम कचेरीच्या दीर्घ अनुभवातून आलेलं दिसत होतं. कायदा मंजुरीसाठी वर गेला. मी मनातल्या मनात हसलो. महिन्याभराने उत्तर आलं, गोल शिक्क्यासकट: ‘सदर देवचाराचे पूर्ण नाव, वय व पत्ता कळवावा.’

“अस्तित्व मान्य झाले,” शिरस्तेदार म्हणाले आणि त्यांनी नवी सुपारी फोडली.

ठेकेदाराची माणसं कुऱ्हाडी घेऊन आली, तेव्हा शिरस्तेदार कोट-टोपी चढवून, कागद हातात धरून राईच्या तोंडाशी उभे होते. तो ठेकेदार भुताखेतांना भिणारा नव्हता. अशा कितीतरी राया त्याने एकेका नारळावर आडव्या केल्या होत्या. पण शिक्का पाहून तो थबकला. त्याने मला वाचायला लावलं, मी वाचलं. “मास्तर, हे कागदाचं मिटू द्या, मग बघू,” म्हणत त्याने गाड्या वळवल्या.

कागद मिटू न देणं ही कला शिरस्तेदारांएवढी कोणाला येत असेल असं वाटत नाही. प्रत्येक प्रश्नाला ते उलट प्रश्न पाठवत. रहिवाशास वय विचारणे शिष्टाचारास धरून आहे काय, याचा खुलासा मागवण्यातच एक वर्ष गेलं. अशी पाच-सहा वर्षं गेली. गावाने त्यांच्याशी बोलणं टाकलं, न्हावी घरी येईनासा झाला, माझ्या बहिणीला विहिरीवर टोमणे ऐकावे लागले. मीही कामापुरताच बोलत असे.

शेवटच्या वर्षी त्यांना दम लागू लागला. एका सकाळी त्यांनी मला बोलावलं आणि माझ्या खांद्यावर हात ठेवून राईत गेले. एका मुळावर बसले. देवचार कधी पाहिलात का, असं मी अखेर विचारलं. त्यांनी मुळावरून हात फिरवला. मग मी त्यांच्या तोंडून पहिल्यांदाच मालवणी ऐकली.

“देवचार माका कधी दिसूक नाय, मास्तरानु. पण कचेरीत आसताना रानां तोडूच्या परवान्यार जावक नंबर मीच घातलंय. ह्या तालुक्यातली सगळी रानां माझ्या हातातसून गेली. एक तरी ऱ्हवाक होया.”

ते गेले. तेराव्याच्या दुसऱ्या दिवशी वरून पाकीट आलं. ठेकेदार बातमी ऐकून आधीच आला होता. मानकरी मंडपात जमले आणि पाकीट माझ्या हातात दिलं. असा कोणताही कायदा अस्तित्वात नाही, सबब प्रकरण बंद करण्यात येत आहे, एवढंच आत लिहिलं होतं. याच ओळीची मी इतकी वर्षं वाट पाहिली होती.

मी चष्मा नीट केला आणि खणखणीत आवाजात वाचलं, “प्रकरण विचाराधीन आहे.”

ठेकेदाराने तांब्याभर पाणी मागितलं, प्यायला, आणि कसालच्या वाटेला लागला. मानकरी पुटपुटत उठले. मी कागदाची घडी करून खिशात घातली. पाठीमागे चारही इयत्ता पाढ्यांसाठी खोळंबल्या होत्या. मी त्यांच्याकडे वळलो आणि खिशावर हात ठेवून बे एके बे सुरू केलं.